वेशीवर सापडलेला बिशप

"म्हणजे मावशी, त्याला बिशप केला तेव्हा त्याचा बाप्तिस्मासुद्धा झालेला नव्हता?"

"नव्हता गो बाय. मघापासून तेच सांगतेय तुला. आदल्या रविवारी बाप्तिस्मा, पुढच्या रविवारी बिशप. मधल्या दिवसांत बाकीच्या सगळ्या पायऱ्या भराभर चढवल्या त्याला."

कुंपणाच्या पलीकडे मावशी, अलीकडे मी, मधल्या कठड्यावर वालपापडीची परात. शेंगा त्यांच्या वाडीतल्या, शिरा काढायला हात दोघींचे. माझा भाचा मिलानला असतो, त्यानं पाठवलेल्या फोटोवरून विषय निघाला होता. काचेच्या पेटीत तीन सांगाडे शेजारी शेजारी निजवलेले, अंगावर भरजरी कपडे, एकाच्या डोक्यावर बिशपची उंच टोपी. खाली लिहिलं होतं, 'आत्या, या टोपीवाल्यामुळे आम्हाला ७ डिसेंबरची सुट्टी.'

मावशींची उभी हयात शाळेत इतिहास शिकवण्यात गेली, आणि रविवारी देवळात पोरांना धर्मशिक्षण देण्यात. फोटो बघून त्या लगेच म्हणाल्या, "हा तर संत अँब्रोज! चवथ्या शतकातला. याचं चांगलं चांगलं सांगायला फादर आहेत. बाकीचं माझ्याकडून ऐक."

बाकीचं ऐकायला मी केव्हाही तयार असते.

"पण सोळाशे वर्षांपूर्वीच्या माणसाचं 'बाकीचं' तुम्हाला कुणी सांगितलं?"

"त्याच्या घरच्यांनीच. पॉलिनस म्हणून त्याचा लेखनिक होता, शेवटपर्यंत हाताखाली राहिलेला. अँब्रोजच्या मागं संत ऑगस्टीननं त्याला गळ घातली, की बाबा, तू जवळून पाहिलंयस, लिहून काढ. आणि त्यानं नुसतं स्वतःचं पाहिलेलं नाही लिहिलं. मोठ्या बहिणीकडूनही ऐकून ठेवलं होतं. मार्सेलिना तिचं नाव. आता भावाच्या लहानपणीच्या गोष्टी बहीण सांगणार म्हटल्यावर बघ."

घर मोठं होतं. जन्म सन ३४०च्या आसपासचा, ट्रियर गावी. आज ते जर्मनीत आहे, तेव्हा रोमन साम्राज्यात होतं. बाप गॉल प्रांताचा बडा अधिकारी. बाळ अंगणात पाळण्यात झोपलेलं, तोंड उघडं, आणि मधमाश्यांचा थवा आला तो थेट तोंडावर बसला. आत जातायत, बाहेर येतायत. दाई हाकलायला धावली, तर बापानं तिलाच अडवलं. थांब, म्हणाला, काय होतं ते बघू. थोड्या वेळानं माश्या उठल्या आणि आभाळात दिसेनाशा झाल्या. बाप म्हणाला, जगला तर पोरगा मोठा होणार.

"जगला तर!" मी म्हटलं. "बाळाच्या तोंडात माश्या जातायत आणि हा उभा राहून भविष्य बघतोय?"

"पुरुषमाणूस," मावशी म्हणाल्या. "पण त्याच्यामुळे मधमाश्या पाळणाऱ्यांना संत मिळाला. चित्रात त्याच्याजवळ मधाचं पोळं दिसलं की समजायचं, हा अँब्रोज. पुढे बोलायचाही तसाच गोड, ऐकत राहावं असं. आता दुसरी गोष्ट ऐक, ही मला जास्त आवडते. बाप वारल्यावर आई पोरांना घेऊन रोमला आली. मार्सेलिनानं खुद्द पोपच्या हातून व्रत घेतलं, लग्न न करता देवाची होऊन राहिली. घरी बिशप यायचे, बायका त्यांच्या हाताचं चुंबन घ्यायच्या. हे पोरगं ते बघायचं. बिशप गेले की घरातल्या बायकांपुढे स्वतःचा हात करायचं. म्हणायचं, घ्या की माझ्याही हाताचं, मीसुद्धा बिशप होणार आहे."

"अगं बाई! आगाऊच होतं की."

"त्यांनी हाकलून दिलं त्याला. आणि हात पुढे करणाऱ्या त्याच पोराला मोठेपणी खरोखर बिशप व्हा म्हटलं, तर पळत सुटला."

शेंगांची शीर ओढता ओढता मावशी रंगात आल्या. अँब्रोज वकील झाला, हुशारीनं वर चढत गेला आणि उत्तर इटलीत एका मोठ्या मुलखाचा राज्यपाल होऊन मिलानला आला. तेव्हा मिलान म्हणजे लहानसहान गाव नव्हे. पश्चिमेकडच्या सम्राटाचा मुक्काम रोमला कमी आणि मिलानला जास्त.

"आणि गावात भांडण. तिथला बिशप ऑक्सेंशियस, एरियसच्या पंथाचा. एरियस काय म्हणायचा, तर पुत्र हा पित्यानं निर्माण केलेला, म्हणून तो पित्याच्या बरोबरीचा नाही. सन ३२५ मध्ये निकायाच्या धर्मसभेनं ते मोडीत काढलं, पण सभेत ठराव झाला म्हणून भांडण मिटतं का? घराघरांत दोन तट. सन ३७४ मध्ये ऑक्सेंशियस वारला आणि नवा बिशप कुणाचा, यावरून देवळात गर्दी जमली. एक बाजू ऐकेना, दुसरी हटेना. मारामारी होईल म्हणून राज्यपाल स्वतः गेला, शांत राहा म्हणून सांगायला. आणि तो बोलत असताना गर्दीतून एका लहान मुलाचा आवाज आला, अँब्रोज बिशप!"

"मुलाचा? की कुणी मुलाकडून म्हणवून घेतलं?"

मावशींनी माझ्याकडे कौतुकानं पाहिलं. "ते पॉलिनस सांगत नाही. पण दोन्ही बाजूंनी तेच नाव उचललं. एरियसवाले आणि त्यांचे विरोधक, एका सुरात."

"आमच्या पतपेढीच्या निवडणुकीत असंच झालं होतं. दोन्ही पॅनेलं मेटाकुटीला आली, तेव्हा ज्याचं कुणाशीच वाकडं नाही असा एक धरून आणला. त्याला वाटलं, नावापुरतं सहीला बसायचंय. आता तो कर्जाची फाईल दोनदा वाचल्याशिवाय पुढं सरकवत नाही, आणि आणणारेच डोक्याला हात लावून बसलेत."

"अगदी हाच माणूस!" मावशींनी परातीवर शेंग आपटली. "पण आधी त्यानं सुटायला काय काय केलं ते ऐक. पहिल्यांदा कचेरीत जाऊन बसला आणि कैद्यांचा छळ करायचा हुकूम दिला. एरवी तसं करणारा नव्हे. लोकांना वाटावं, असला निर्दय माणूस नको. लोक म्हणाले, तुझं पाप आमच्या माथी. मग त्यानं वेश्यांना उघडउघड घरी बोलावलं. चार लोकांनी बघावं म्हणूनच. लोक पुन्हा तेच म्हणाले, पाप आमच्या माथी."

"आणि हे सगळं त्याच्याच लेखनिकानं लिहून ठेवलंय?"

"खुशाल! शेवटी रात्री निघाला पळून. पावियाची वाट धरली. रात्रभर चालला आणि पहाटे बघतो तर मिलानच्याच वेशीवर उभा. रोमकडे जाणाऱ्या दरवाजापाशी."

"चकवा लागला म्हणा की!"

"पॉलिनस म्हणतो देवाची करणी. मी म्हणते चकवाच, पण देवानं लावलेला. लोकांनी धरून ठेवलं आणि सम्राटाला कळवलं. सम्राट उलट खूश, आपण नेमलेला अधिकारी लोकांना बिशप म्हणून हवाय. त्या अवधीत हा पुन्हा निसटला आणि एका ओळखीच्याच्या मळ्यावर लपला. पण अँब्रोजला लपवणाऱ्याची गय होणार नाही असा हुकूम निघाला, तेव्हा त्या ओळखीच्यानंच नेऊन हवाली केला. आणि ७ डिसेंबरला बिशप. एरवी संतांचा सण बहुतेक करून मरणाच्या दिवशी असतो. हा गेला ४ एप्रिलला, ऐन ईस्टरच्या गडबडीत. म्हणून याचा सण तो गादीवर बसला त्या दिवशी पाळतात."

मी मनात म्हटलं, भाच्याला कळवायला हवं. एका माणसाला धरून आणल्याबद्दल त्याला सुट्टी मिळते आहे.

घरातून मावशींच्या सुनेनं चहा आणून दिला. एक कप कठड्यावरून माझ्याकडे आला. मी भाच्यानं पाठवलेला दुसरा फोटो उघडला. ती काचेची पेटी आहे त्याच देवळाला लागून असलेल्या जुन्या खोलीतलं भिंतीवरचं रंगीत खड्यांचं चित्र, पाचव्या शतकातलं. किरकोळ अंगाचा, लांबट चेहऱ्याचा, आखूड दाढीचा माणूस, एक डोळा दुसऱ्यापेक्षा किंचित खाली. पायघोळ कपड्यांत उभा, थकल्यासारखा आणि तरीही कुणाचं ऐकून घेणार नाही असा.

"चेहऱ्यावरनं वाटत नाही हो संत."

"कचेरीतला साहेब वाटतो ना? होताच. पण गादीवर बसल्या बसल्या आपली मालमत्ता गरिबांना आणि देवळाला देऊन टाकली. बहिणीची मात्र हयातभराची सोय आधी करून ठेवली, बरं का. वकील होता, कागद पक्के. घरचा व्यवहार बघायला थोरला भाऊ आला, सॅटायरस. राज्यकारभारातली नोकरी सोडून आला तो. हा भाऊ लवकर गेला तेव्हा अँब्रोज भरल्या देवळात त्याच्यासाठी रडला. आणि अभ्यासाचं म्हणशील तर स्वतःच कबूल करून ठेवलंय त्यानं, की शिकायच्या आधीच मला शिकवायला बसवलं. ग्रीक उत्तम यायचं. रात्र रात्र वाचायचा."

आणि वाचायचाही कसा! त्या काळी बहुधा मोठ्यानं वाचायची रीत. हा मनात वाचायचा. डोळे पानावरून फिरतायत, ओठ हलत नाहीत. खोलीचं दार सताड उघडं, वर्दी द्यायचीसुद्धा गरज नाही. कुणीही आत यावं. पण आत येणारा बघायचा, की हा वाचतोय. मग बोलायचा धीर कसा होणार? थोडा वेळ बसून माणसं तशीच उठून जायची. त्यांतच एक ऑगस्टीन. तेव्हा तो संत नव्हता, उत्तर आफ्रिकेतून आलेला, वक्तृत्व शिकवणारा सरकारी मास्तर होता. मनात शंकांचं मोहोळ आणि विचारायला जावं तर समोरचा मान वर करत नाही. बाहेर बसून त्यानं तर्क केले, की घसा लवकर बसतो म्हणून मनात वाचत असेल, नाहीतर मोठ्यानं वाचलं तर कुणीतरी मधेच अर्थ विचारील म्हणून. हे सगळं ऑगस्टीननं आपल्या 'कबुलीजबाब' या पुस्तकात लिहून ठेवलंय.

"मला तर दुसराच तर्क योग्य वाटतो," मी म्हटलं. "दार उघडं ठेवलं की कुणी नावं ठेवत नाही, आणि मान खाली घातली की कुणी बोलत नाही. दोन्ही साधलं."

"साहेबाचं डोकं!" मावशी हसल्या. "पण ऑगस्टीनच्या आईशी मात्र बोलायचा. मोनिका. मुलाला भेटला की म्हणायचा, अशी आई मिळाली तुला, भाग्यवान आहेस."

"मुलाचे प्रश्न राहिले बाजूला!"

"मोनिका होतीच तशी. पोराच्या मागं समुद्र ओलांडून आली होती. गावाकडच्या रीतीप्रमाणे टोपलीत शिजवलेलं अन्न, पाव, द्राक्षारस घेऊन हुतात्म्यांच्या कबरींवर जायला निघाली, तर दारावरच्या माणसानं अडवलं. बिशपांची मनाई आहे. कारण लोक तिथं पिऊन तर्र व्हायचे, आणि जुन्या धर्मातल्या पितरांच्या जेवणासारखंच ते दिसायचं. आता सांग, एखादी सासू असती तर केवढा तमाशा केला असता. मोनिकानं टोपली परत नेली आणि पुढच्या वेळेपासून ते गरिबांना दिलं. दुसरी अडचण उपासाची. रोमला शनिवारी उपास धरायचे, मिलानला धरत नसत. तिनं मुलाला विचारलं, आपण काय करायचं? मुलानं बिशपना विचारलं. अँब्रोज म्हणाला, मी रोमला असलो की शनिवारचा उपास करतो, इथं असलो की करत नाही. तूही जिथं जाशील तिथली रीत पाळ."

"देश तसा वेश."

"तेच. आणि मिलानकरांनी आपली रीत अजून सोडलेली नाही. त्यांची मिस्सासुद्धा काही बाबतींत वेगळी, तिला अँब्रोजचंच नाव. आपला उपवासकाळ राखेच्या बुधवारी सुरू होतो. त्यांचा पुढच्या रविवारी. आपण कपाळाला राख लावून बसतो तेव्हा त्यांचा कार्निव्हल जोरात, थेट शनिवारपर्यंत."

"हे भाच्यानं बरोबर कळवलं होतं. कारण त्याला ठाऊक नव्हतं."

परात निम्मी झाली होती. मी विचारलं, "एवढं सगळं ठीक आहे, पण राजाला नडला म्हणून हा मोठा, असं तुम्ही मघाशी म्हणालात. ते कुठं आलं?"

"येतंय. एक तुला आवडेल, एक तुझ्यामाझ्या दोघींच्याही घशाखाली उतरणार नाही. आधी आवडेल ते." मावशींनी पदर खोचला. सन ३७८ मध्ये एड्रियानोपलच्या लढाईत गॉथ टोळ्यांनी रोमन फौजेचा धुव्वा उडवला, सम्राट पडला आणि असंख्य माणसं गुलाम म्हणून विकली गेली. अँब्रोजनं देवळातली सोन्याचांदीची पवित्र भांडी वितळवली आणि त्या पैशांतून माणसं सोडवली. एरियसवाल्यांनी लगेच कांगावा केला, देवाचं धन मोडलं! हा म्हणाला, देवळाकडे सोनं असतं ते साठवायला नव्हे, अडल्यानडल्याला द्यायला. भांड्यांपेक्षा माणसं राखलेली बरी.

"इथं मी त्याच्या बाजूनं," मी म्हटलं.

"पुढं राणी. जस्टिना. विधवा, मुलगा वयानं लहान, पण सम्राट. दुसरा व्हॅलेंटिनियन. ती एरियसच्या पंथाची. तिचं मागणं एवढंच, की गावातलं एक देऊळ आमच्या उपासनेला द्या. हा नाही म्हणाला. सन ३८६च्या ईस्टरच्या आधी सैन्यानं देवळाला वेढा घातला. लोक आत. घरी जायला तयार नाहीत. रात्री तिथंच. मोनिकाही त्यांच्यात होती. आता आत कोंडलेल्या माणसांना धरून कसं ठेवायचं? यानं त्यांना गायला लावलं. पूर्वेकडच्या रीतीप्रमाणे, आळीपाळीनं. आज आपल्या देवळात दोन बाजू एकामागून एक स्तोत्र म्हणतात ना, पश्चिमेकडे ती रीत रुजली ती त्या रात्रींपासून, असं ऑगस्टीन लिहितो. स्तोत्रं याचीच. आठ अक्षरांची ओळ, चार ओळींचं कडवं, आठ कडवी."

"अष्टाक्षरीच की!"

"एकदा ऐकलं की तोंडात बसावं असं. त्यांतलं एक पहाटेच्या कोंबड्यावर आहे. एरियसवाले म्हणाले, यानं लोकांना गाण्यांनी भुलवलंय. हा म्हणाला, भुलवलंय खरं, नाकारत नाही. शेवटी राणीनं माघार घेतली. आणि हे सारं यानं बहिणीला पत्रानं कळवलं. मार्सेलिनाला. काय घडलं, मी काय बोललो, ते काय बोलले, सगळं."

"म्हणजे तोही कुंपणावरचाच!"

"पुरता. आणि तुझ्या फोटोतले दुसरे दोघे त्याच वर्षीचे. जून महिन्यात याला नव्या देवळासाठी हुतात्म्यांचे अवशेष हवे होते. यानं एके ठिकाणी खणायला लावलं आणि दोन धिप्पाड माणसांची हाडं सापडली. गेर्व्हासियस आणि प्रोटासियस. मिरवणुकीनं आणली, तर वाटेत सेव्हेरस नावाच्या आंधळ्या खाटकाला दिसायला लागलं."

"अगदी वेळेवर सापडले हो. राणीशी भांडण चाललेलं असताना."

"दरबारातही हेच म्हणाले. याने पैसे चारून माणसं उभी केली, असंसुद्धा म्हणाले. पण खाटकाचं तर ऑगस्टीनही सांगतो, आणि तो तेव्हा गावातच होता. अँब्रोजनं वेदीखालची जागा स्वतःसाठी राखली होती, ती त्या दोघांना दिली आणि आपण त्यांच्या शेजारी निजला. १८६४ साली डागडुजी करताना तिथं खोदलं, तेव्हा हे तिघं सापडले."

मावशी थोडा वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, "आता न आवडणारं. रोमच्या सभागृहात विजयादेवीची वेदी होती. ख्रिस्ती सम्राटानं ती हलवली. जुन्या धर्माचा सिमॅकस नावाचा बडा सरदार होता, त्यानं सन ३८४ मध्ये अर्ज केला, की ती परत ठेवू द्या. त्याचं म्हणणं असं, की आपण सगळे त्याच ताऱ्यांकडे बघतो, आणि एवढ्या मोठ्या गूढापाशी एकाच वाटेनं पोचता येणार नाही."

"मग त्यात चूक काय म्हणाला तो?"

"मलाही चूक दिसत नाही गो. अँब्रोजनं तो अर्ज फेटाळायला लावला. आणि गंमत बघ, ऑगस्टीनला मिलानची नोकरी मिळवून दिली ती याच सिमॅकसनं. त्याला काय ठाऊक, पोरगा तिथं जाऊन अँब्रोजच्या हातून बाप्तिस्मा घेणार. सन ३८७च्या ईस्टरला घेतला. ती आठ कोनांची कुंडाची जागा मिलानच्या मोठ्या देवळाच्या खाली आजही बघायला मिळते. पण थांब, वेदीचं काहीच नाही. पुढचं ऐक. युफ्रेटिस नदीकाठी कॅलिनिकम नावाचं गाव, आजच्या सीरियात. सन ३८८ मध्ये तिथल्या ख्रिस्ती जमावानं यहुद्यांचं प्रार्थनामंदिर जाळलं. तिथल्या बिशपच्या चिथावणीनं. सम्राट थिओडोसियस म्हणाला, बिशपनं स्वतःच्या खर्चानं ते बांधून द्यावं."

"बरोबरच बोलला."

"शंभर टक्के बरोबर. आणि अँब्रोज आडवा आला. आधी पत्र लिहिलं. मग भर देवळात, सम्राट समोर बसलेला असताना प्रवचनातून त्याला बोलला, खाली उतरून त्याच्यासमोर उभा राहिला आणि हुकूम मागे घेतो असं वचन मिळेपर्यंत वेदीकडे वळला नाही. सम्राटानं वचन दिलं. मंदिर जळलं ते जळलंच. तेही पत्र बहिणीला. मोठ्या अभिमानानं लिहिलंय."

माझ्या हातातली शेंग तशीच राहिली. "हे तुम्ही पोरांना शिकवलंत?"

"मोठ्या पोरांना शिकवलं. संत म्हणजे डाग नसलेला माणूस असं मी कुणाला सांगितलं नाही. इथं तो चुकला, साफ चुकला, आणि चुकीची किंमत दुसऱ्यांनी भरली. आता दोन वर्षांनी काय झालं ते ऐक आणि मग काय ते ठरव."

थेस्सलोनिका शहर. तिथल्या सेनापतीनं एका लोकप्रिय रथस्वाराला तुरुंगात टाकलं. शर्यतींचे दिवस आले, लोक म्हणाले सोडा. सोडला नाही. जमावानं सेनापतीलाच ठार केलं. थिओडोसियस मुळातच तापट. त्यानं कत्तलीचा हुकूम दिला, मग भानावर येऊन दुसरा हुकूम पाठवला, पण तो पोचेपर्यंत उशीर झाला होता. लोकांना घेरून सैनिकांनी कापून काढलं. सात हजार, असा आकडा नंतरच्या एका इतिहासकारानं दिला आहे. साल ३९०.

"चित्रांत दाखवतात, की अँब्रोज देवळाच्या दारात हात आडवा करून उभा आणि सम्राट पायरीवर. मोठमोठ्या चित्रकारांनी रंगवलंय. तसं झालेलं नाही, ती मागाहूनची सजावट. खरं काय झालं, तर सम्राट गावात यायच्या वेळेला हा तब्येतीचं कारण सांगून गावाबाहेर गेला. समोर आला तर बोलावं लागेल आणि चारचौघांत सम्राटाची मान खाली जाईल. मग स्वतःच्या हातानं पत्र लिहिलं. लेखनिकाला सांगितलं नाही, म्हणजे दुसऱ्या कुणाच्या नजरेला पडायला नको. त्यात लिहिलं, की हे रक्त तुझ्यावर आहे, प्रायश्चित्त केल्याशिवाय तू हजर असताना मी मिस्सा करणार नाही."

"आणि सम्राटानं ऐकलं?"

"ऐकलं. राजवस्त्रं उतरवून देवळात सगळ्यांच्या देखत रडला. नाताळच्या सुमाराला त्याला परत आत घेतलं. ज्याच्या एका शब्दावर शहर कापलं गेलं, तो माणूस पापी म्हणून लोकांत उभा राहिला. जगात असं कधी घडलं होतं?"

मी विचार करत राहिले. "मावशी, पण हा हट्ट तोच ना? यहुद्यांच्या वेळचा आणि या वेळचा. सम्राटाला म्हणायचं, करशील तर वेदीकडे जातो, नाहीतर नाही."

"तोच. हत्यार एकच. एकदा जाळणाऱ्याला वाचवायला उगारलं, एकदा मेलेल्यांच्या वतीनं. म्हणून मी पोरांना सांगायची, माणूस ताठ उभा राहिला एवढ्यावर भाळू नका. कुणासाठी उभा राहिला ते बघा. एकाच माणसाचे दोन्ही जबाब असू शकतात."

"आणि पत्रसुद्धा बदललं," मी म्हटलं. "चुकीच्या वेळी भर देवळात बोलला आणि बहिणीला मिरवून लिहिलं. बरोबर होता तेव्हा मात्र चोरून, एकट्यानं लिहिलं."

मावशींचा हात थांबला. "हे माझ्या कधी डोक्यात आलं नव्हतं गो. इतकी वर्षं शिकवलं, पण नाही आलं." आणि मग, उगाच मला फार चढू नये म्हणून की काय, "शिरा नीट काढ, दोऱ्या राहतायत."

"बरं, शेवट कसा झाला त्याचा?"

"शेवट सांगण्यासारखा आहे. सन ३९७. अंथरुणाला खिळला होता. दालनाच्या अगदी पार टोकाला त्याचे चार सहायक उभे होते आणि आपापसांत कुजबुजत होते, आता पुढचा बिशप कोण. इतकं हळू, की एकमेकांना जेमतेम ऐकू यावं. कुणीतरी सिम्प्लिशियनचं नाव काढलं. म्हातारा धर्मगुरू, यानंच अँब्रोजला सुरुवातीला धर्मशास्त्र शिकवलं होतं. वयाचा मुद्दा निघाला असेल. आणि तिकडून मरणपंथाला लागलेला माणूस मोठ्यानं म्हणाला, म्हातारा आहे, पण चांगला आहे. एकदा नव्हे, तीनदा."

"ऐकत होता?"

"सगळं! ते चौघं घाबरून पळाले. नंतर उत्तम शुक्रवारी संध्याकाळपासून हात क्रुसासारखे पसरून प्रार्थना करत पडून राहिला, ओठ हलत होते, शब्द ऐकू येत नव्हते. पवित्र शनिवारच्या पहाटे ख्रिस्तशरीर घेतलं आणि गेला. आणि गादीवर बसला सिम्प्लिशियनच."

"म्हणजे मरता मरता निवडणूकही उरकली. स्वतःच्या वेळेला मुलाचा आवाज, याच्या वेळेला आपला."

"आणि या वेळेला कुणी पळालंही नाही," मावशी म्हणाल्या. "म्हातारा कुठं पळणार? तुझ्या भाच्याला हे लिही हो सगळं. यहुद्यांचं गाळू नकोस. आणि ते चार सहायकही लिही, म्हणजे कचेरीत साहेबाबद्दल बोलताना आवाज बेतानं ठेवील."